तीन अंश

मूळ कोड उघडाच ठेवला होता विनयानं.
वर चार शब्द: घ्या, वाचा, बदला, वाटा.
खाली, माझं नाव तेवढं पुसू नका.
विनया तांडेल, ट्रॉम्बे कोळीवाडा.

ती गेली, आणि कॅरमचा तो खेळ माझ्याकडे आला.
आला म्हणजे कुणी दिला नाही,
कुणीच बघेना म्हणून मी बघू लागलो,
लॅमिंग्टन रोडवर दिवसभर मदरबोर्डांना डाग देऊन
रात्री घरी, ताटातला भात गार होईस्तोवर.

एकदा रीगाहून कुणा अनोळखी पोराची दुरुस्ती आली:
ओळ चारशे बारा. खेळाडूचं नाव 'बापूस' असलं
की संगणकाचा नेम तीन अंश ढळतो.
चूक दिसते. काढली आहे. मंजूर करा.

बाकी सगळीकडे तिनं शेरे लिहिलेत,
स्ट्रायकरचं वजन, पावडर किती सांडली की सोंगटी किती घसरते,
अगदी 'हे का चालतं ठाऊक नाही, हात लावू नये' इथपर्यंत.
या एका ओळीवर काही नाही.

रविवारी ट्रॉम्बेला गेलो.
दारात जवळा वाळत घातलेला.
हिराजीकाका खाटेवर, उजवा हात मांडीवर,
कुणीतरी आणून ठेवल्यासारखा.
डाव्या हातात माउस.
राणी घेतली, कव्हर घेतलं,
आणि माझ्याकडे न बघता म्हणाले,
"मशीन कंदी चुकतंय काय रं? पोर चुकवते माजी.
पयल्याच दिशी कललं मना.
चालीस वर्सा बोर्डावर काढली."

मग बराच वेळ नुसता पंखा.

"आता ती नाय. सरल खेलू दे त्याला माज्यासंगं."

उघड्या कोडचं एक बरं असतं,
काढायचं म्हणून पुसावं लागत नाही.
फांदी फोडली. एका प्रतीत रीगाची दुरुस्ती,
दुसरी होती तशी.
पडद्यावर शेजारी शेजारी दोन चित्रं.
सरळ खेळात काका पंचवीस-चार हरले,
सणसणीत शिवी हासडली,
लगेच नवा डाव मांडला.

रीगाचा पोरगा विचारतोय,
जुनी प्रत अजून का ठेवली आहे?
उत्तर द्यायचं राहिलंय.

परवा त्यांचा संगणक साफ करायला बसलो, तर दिसलं:
जुना खेळ, शेवटचा उघडला
मंगळवारी, पहाटे तीन वाजून दहा मिनिटांनी.
काका बाहेर जवळा उलटत होते, डाव्या हातानं.
मी खिडकी बंद केली. पडद्यावरची.