मजल्यांच्या मधे

बिबवेवाडी, बी विंग.
तिसरा आणि चौथा यांच्या मधे लिफ्ट अडकलेली,
तिच्या टपावर मी उकिडवा,
तोंडात टॉर्च, हातात पाना.
वरून दाराच्या फटीतून चारशे दोनचा आवाज आला.
आधी लिफ्टबद्दल. मग माझ्याबद्दल.
मग माझा बाप, आजा, पणजा,
एकाच शब्दात सगळे.

त्याला आता तीन वर्षं झाली.
शिवाजीनगर कोर्टात वकील विचारतात,
गायसमुद्रे, तुम्ही तेव्हा नेमके कुठे होता?
मधे.
मधे म्हणजे? तिसऱ्यावर की चौथ्यावर?
मधे.
लिफ्टचा खड्डा ही लोकांच्या नजरेतली जागा आहे का?
मी म्हणालो, खड्डा तळाला असतो साहेब,
मधल्याला आम्ही शाफ्ट म्हणतो.
लिहून घ्या, ते म्हणाले,
साक्षीदार थेट उत्तर देत नाही.

तीनशे एकच्या बाई दारातच उभ्या होत्या.
पोलिसांपुढच्या जबाबात त्यांनी ऐकलं होतं.
कोर्टात त्यांचा मिक्सर चालू होता.
वॉचमनचं समन्स वाघोलीहून परत आलं,
दिल्या पत्त्यावर आढळत नाही.

आता हेतूचं बघू,
वकील म्हणाले, जसं कुणी म्हणावं, आता चहाचं बघू.
लिफ्ट बंद. आई डायलिसिसहून आलेली. चार मजले.
माणूस चिडेल की नाही?
चिडेल.
चिडल्यावर तोंडाला येईल ते बोलेल की नाही?
मी गप्प.
तोंडाला जे येतं
ते आधी कुठंतरी ठेवलेलं असतं ना, निगुतीनं,
लोणच्यासारखं, फडकं बांधून.

शिवाय माझ्या अशिलाला यांची जात माहीतच नव्हती.

आळशी म्हणता आलं असतं. चोर, हरामखोर, बिनकामाचा.
मराठीत काय कमी आहे?
अंधारात दगड मारला आणि नेमका
माझ्याच कपाळाला लागला, असं म्हणायचं होतं त्यांना.

सरकारी वकील बाई नवीन आहेत, फाईल छातीशी धरून बोलतात.
बाहेर व्हरांड्यात त्यांनी हळूच विचारलं,
जात माहीत होती याचा काही पुरावा?
आहे. म्हणजे होता.
मार्चमध्ये सर्व्हिसिंगला गेलो तेव्हा
त्यांच्याकडे पाणी स्टीलच्या भांड्यातून आलं.
गाव कुठलं, आडनाव काय, त्यांनी विचारलं. मी सांगितलं.
जूनमध्ये पाणी कागदी कपातून आलं.
पाणी तेच, महापालिकेचं, क्लोरीनचा वास येणारं.
पिऊन झाल्यावर कप मी चुरगळला
आणि त्यांच्याच सोसायटीच्या
सुक्या कचऱ्याच्या डब्यात टाकला.
पंचनाम्यात कप नाही.

न्यायाधीश म्हणाले, मूळ शब्द सांगा,
जसाच्या तसा. नोंदीत यायला हवा.
मी सांगितला.
मोठ्यानं, ऐकू येत नाही.
पंख्याखाली दुसऱ्या खटल्यांची माणसं,
एक पोलीस डबा सोडत असलेला,
मागच्या बाकावर मंगल.
तिला मी आजवर फक्त शिवी दिली एवढंच बोललो होतो.
मी मोठ्यानं म्हणालो.
इथं सगळ्यांना दिसत होतं, सगळ्यांना ऐकू जात होतं,
कुणी हरकत घेतली नाही.
टायपिस्टची बोटं थांबली,
अनुस्वार द्यायचा ना?
द्या, म्हणालो.

पुढची तारीख सतरा.

स्वारगेटच्या बसमध्ये मंगल खिडकीकडे बघत होती.
मंगळवार पेठ गेली तरी बोलली नाही.
मग एकदम म्हणाली,
ती लिफ्ट, मग केली का चालू तुम्ही?
केली.
त्याच दिवशी?
म्हातारी खाली खुर्चीत बसलेली, हाताला पट्टी.
अर्ध्या तासात केली.
हे सांगितलं तुम्ही कोर्टात?

नाही. कुणी विचारलं नाही.