शिल्लक

निपाणीच्या वखारीत चाळीस वर्षं
अण्णांनी तंबाखूची खाती लिहिली.
बोटांना अजून तो वास.

मी त्यांना सांगते माझं खातं:
अडतीस आकडी जमा,
अडतीस आकडी नावे,
वजा केलं की उरतात पाचच आकडे.
हिग्ज कणाचं सगळं वजन त्या पाचांत.

अण्णा चष्मा पुसतात.
"आपोआप एवढं जुळत नसतंय गं.
कुणीतर पावती दडवल्याली हाय."

तीच शोधतोय, अण्णा,
सत्तावीस किलोमीटर बोगद्यात.
एखादा जोडीदार कण, एखादी सही…
कोरंच.

"मग?"

मग काही जण म्हणतात, असंच आहे ते.

बाहेर हमाल पोती मोजतोय,
हत्तु, हन्नोंदु.
अण्णा बोट ओलं करतात
आणि वही पहिल्या पानापासून
पुन्हा उलटू लागतात.