आठ भिंती

मळ्यात, चढणीच्या पायथ्याशी, सात घरं.
साहेब म्हणाले, चौदा भिंती लिही.
टेप लावली. आठच निघाल्या.

मधल्या सहा, दोघांत एक.
हेर्कुलान शिंप्यानं खुंटी ठोकली
की पलीकडे पिएदादच्या सायबिणीची तसबीर हलायची.
तिसऱ्यातले कस्टमचे कारकून मोंबासाला गेले,
त्यांचा खोकला चौथ्या घराला
पुढे वर्षभर ऐकू येई म्हणतात.

एकसष्टच्या डिसेंबरात
पाचव्याचं दार कुणी ओढून घेतलं.
किल्ली लिस्बनला. भिंत इथेच.
सहाव्यातल्या सुनापरांतांनी तिच्यात
देवळी खोदली, चार बोटं खोल.
विचारायचं कुणाला?

आता पाचवं पाडून हॉटेल व्हायचंय.
वारस फोनच्या पडद्यावरून विचारतो, पोर्तुगीजमध्ये,
मग तुटक कोंकणीत:
आमची बाजू कुठपर्यंत?

रिकाम्या खोलीत मी भिंतीला कान लावतो.
पलीकडे कुणीतरी नारळ खवतंय.

रकान्यात लिहितो:
जाडी साठ सेंटिमीटर,
पैकी चार बोटं देवाची.

साहेब खोडतील.
म्हणून शाईनं लिहिलंय.