धूसर

सुलाफा चेहरे पुसतेय
ओमदुरमानच्या पुलावरचे, एकेक,
फ्रेम थांबवून.
उद्या फिल्म नको त्या हाती पडली
तर कुणी कुणाला ओळखता कामा नये.

टायरचा धूर तसाच ठेवते. घोषणाही.
फक्त तोंडांच्या जागी
वाफ धरलेल्या काचेसारखं काहीतरी.

मुजम्मिलची आई बतूल दारात,
हातातला करकदे न पिताच निवलेला.
"तो पिवळ्या शर्टातला," म्हणते,
"त्याचं नको पुसूस.
त्याला आता कोण पकडणार?"

सुलाफा मागे जाते. अकरा सेकंद.
तो वळतो, कॅमेऱ्याला काही सांगतो.
आवाज नाही;
माइकची बॅटरी त्या दिवशी संपली होती.

"जेवायला थांबू नकोस म्हणतोय,"
बतूल ओठांवरून वाचते.

सुलाफाला ओठ वेगळेच दिसतात.
ती पुन्हा लावते.