तिसरी हाक

खटाव तालुका. रात्रीचा दुसरा प्रहर.
चावडीत कंदील, पाटलाची वही
आणि पायरीवरून हाक : येशा सावळा मंडले!

तिसऱ्या हाकेच्या आत 'हाय जी' म्हणायचं,
नाहीतर सकाळी वडूजची कोठडी.
चोरी कोणती, कुणी विचारत नव्हतं.
वहीत जात लिहिलेली होती, तेवढी पुरे.

तानकीआजीला कळा लागल्या त्या रात्रीही
आजा दारातूनच ओरडला, हाय जी.
आत माझा बाप रडला.
शिपाई म्हणाला, हा कोण वाढला रं?

बेचाळीसनंतर डोंगरातली पोरं उतरली.
दोन बंदुका, रॉकेलचा एक डबा.
वही ओलसर, पेटेना, नुसती धुमसली.
आज्यानं काठीनं पानं उलटली,
वाचता येत नव्हतं,
पण आपला अंगठा ओळखला त्यानं,
तो जळेस्तोवर तिथंच उकिडवा बसला.

पोरं म्हणाली, आता आपलं राज.
मग एकानं झोळीतून कोरी वही काढली :
रामोशी किती घरं? नावं सांगा.

आजा हसला म्हणे.
सगळी सांगितली.
माझ्या बापाचं तेवढं राहिलं.