तेवीस मिनिटं

एलिहिओ ओवेलार आमच्या गावी आला तेव्हा
मार्च होता, आणि मैदान सापडत नव्हतं.
हाल्बेराने फावड्याच्या दांड्याने बर्फात भोक पाडून दाखवलं:
हे बघ, खाली हिरवं आहे.
तो वाकला, आत बोट घातलं.
प्लॅस्टिक, म्हणाला.
मग, हाल्बेरा म्हणाली, इथे दुसरं काय टिकणार?

पाराग्वायहून निघालेला. अकरा क्लब, सतरा वर्षं,
एका बेटावर पाच महिन्यांचा पगार बुडालेला,
उजव्या गुडघ्यात दोन स्क्रू
आणि देशासाठी तेवीस मिनिटं:
सदुसष्टाव्या मिनिटाला आत, नव्वदाव्याला शिट्टी.
चेंडू किती वेळा मिळाला? सोल्वीने विचारलं.
चार.
मग बूट सोडता सोडता:
थ्रो-इन धरला तर पाच.

आम्ही म्हणजे
बेकरीतला थोरग्रीमुर, शनिवारी पहाटे पाव भाजून आलेला,
ट्रॉलरवरचा स्वयंपाकी, बोट बंदरात असेल तरच सेंटर-हाफ,
शाळेतली दोन पोरं, ज्यांच्या आयांना फोन करावा लागतो,
आणि गोलात मी,
दिवसभर कॉड कापून हात इतके बधिर
की चेंडू अडला का, ते आवाजावरून कळतं.
आइसलँडची सगळ्यात खालची लीग.
त्याखाली समुद्र.

गोलची जाळी फाटली की आमच्याकडे कोळीच शिवतात,
कोळ्यांचीच गाठ मारून.
आत गेलेला चेंडू लवकर सुटत नाही.
ओवेलारला ही जाळी फार आवडली.
मला नाही.

सकाळी तो पोहण्याच्या तलावाच्या फरश्या घासतो.
संध्याकाळी व्हॅन चालवतो, पट्टे बांधतो,
वाऱ्याने रस्त्यापर्यंत नेलेले कोन वेचून आणतो.
उणे सहामध्ये शिंगाच्या पेल्यातून
बर्फ घातलेला हिरवा काढा ओढत बसतो.
आमच्याकडे उकाड्यावर पितात, म्हणाला.
इथे कशावर?
त्याने खांदे उडवले आणि पेला पुढे केला.
कडू होता. मी पुन्हा मागितला.

जुलैत सहा तास प्रवास करून
आम्ही सहा-शून्य हरलो.
परतताना खिंडीत ढग उतरले, व्हॅन थांबली.
वायपर तेवढे बोलत होते.
मग तो बोलला, पाठ न वळवता, आमच्या भाषेच्या तुकड्यांत:
तुमचा शब्द एकच. विद.
माझ्या आईच्या बोलीत दोन आहेत.
ओरे, म्हणजे आम्ही, तुला सोडून.
न्यांदे, म्हणजे आपण, तूसुद्धा त्यात.
मार्चपासून हाफटाइमला मी विद, विद ओरडतोय
आणि मलाच कळत नाही, कोणतं म्हणालो.

मागून सोल्वी म्हणाला,
मग आजचे सहा कोणी खाल्ले?

ओवेलारने खरंच विचार केला,
दुकानात सुटे मोजावेत तसा.
न्यांदे, म्हणाला,
आणि गिअर टाकला. ढग होते तसेच होते.

सप्टेंबरच्या शेवटच्या सामन्याला ट्रॉलर परतलाच नाही.
आम्ही दहा.
त्याने स्वयंपाक्याची चौदा नंबरची जर्सी चढवली,
बाह्यांना तळलेल्या कांद्याचा वास,
आणि चव्वेचाळीस वर्षांचा देह माझ्यासमोर आणून उभा केला.
नव्वद मिनिटं मी त्याची पाठ पाहिली.
धावत नव्हता. चेंडू येणार तिथे आधीच जाऊन थांबायचा,
बसस्टॉपवर थांबावं तसा,
आणि मागे न बघता हाताने मला खुणावायचा:
पुढे ये, अजून पुढे.
इतकी वर्षं मी त्या रेषेच्या बाहेर
कधी एवढा आलो नव्हतो.

शिट्टी झाली. तो गुडघा धरून खाली बसला.
एकच खाल्ला आपण, मी म्हणालो.

हाल्बेराने काचेला कागद टेकवून फॉर्म भरला:
ओवेलार, नव्वद मिनिटं.
त्याने तिच्याकडून एक प्रत मागून घेतली,
चार घड्या घालून मोज्यात ठेवली.
चेंडू किती वेळा मिळाला,
ते कोणी मोजलं नव्हतं.