समास

कौलांच्या कारखान्यामागं आमची शाळा.
मुलं एकोणीस, मास्तरीण एक, खोल्या दोन,
त्यांतली एक बिसियूटच्या तांदळाची.

सातेरी चौथीत. पणज्याचं नाव लावलेलं पोर,
नावानं म्हातारं, आणि दुधाचे दात अजून पडायचे.
लॉरी भरताना बाप कौलं मोजायचा मराठीत,
ड्रायव्हर कन्नडात,
दोघांचं जमेना की गडग्यावर बसलेला हा
थप्पी बघून आकडा सांगायचा,
एकदा याच्या भाषेत, एकदा त्याच्या,
आणि कोण कुठल्या रांगेला चुकला तेही.
खानापुरात सगळे म्हणायचे, पोरगं हुशार आहे हो.
दमा आहे हो म्हणावं, तशा आवाजात.

मी त्याला काय दिलं?
गणिताचं पुस्तक ऑगस्टात संपवलं त्यानं.
पाचवीचं दिलं. तेही संपलं.
मग फळा पुसायला दिला,
पहिलीची पाढ्यांची रांग दिली,
हंडा भरायला दिला.
हुशार पोर रिकामं बसलं
की मास्तरणीच्या पोटात कालवतं.

फेब्रुवारीत तालुक्याला निवडीची परीक्षा.
पेपर कन्नडात नाहीतर इंग्रजीत.
"कन्नडच की बाई. लॉरीवाल्याचंच तर आहे."
बसमध्ये मी बजावत राहिले :
विचारलंय तेवढंच लिही,
जास्तीचं डोकं चालवू नको.

सुटल्यावर टपरीवर त्यानं पेपर उलगडला.
सतरावा प्रश्न.
त्रिकोणाच्या बाजू तीन, चार आणि आठ.
परिमिती किती?
"पंधरा," मी म्हणाले, चहा फुंकत.
"बाई, असला त्रिकोण नसतोय की."

केरसुणीचे तीन हीर मोडले त्यानं
आणि बाकड्यावर मांडले.
"ही आठाची तुळई. हे तीन न् चाराचे वासे.
आढ्यावर भेटतच न्हाईत.
कौलं घालायची कशावर?"

वीस वर्षं परिमिती शिकवते मी.
बेरीज करताना एकदाही
छप्पर उभं राहतंय का, पाहिलं नव्हतं.

"मग लिहिलंस काय?"
"उत्तर न्हाई लिहिलं. समासात लिहिलं, कसं ते. चित्र काढून."
"कुठल्या भाषेत?"
तो हिरांकडं बघत राहिला.
"घाई झाली बाई."

जूनमध्ये यादी लागली. एका गुणानं गेला.
कुणी तपासलं, त्याला ते चित्र दिसलं का,
दिसून वाचता आलं नाही का,
मला माहीत नाही.
समास तपासायचा नसतो.
मीही कधी तपासला नव्हता.

नंदगडला बसवण्णेप्पा सर आहेत,
हायस्कुलातून निवृत्त, भूमितीचे.
दर रविवारी आम्ही दोघं जातो.
ते कन्नडात सांगतात, मी मधे बसून मराठी करायची,
असं ठरलं होतं.
तिसऱ्या रविवारी सातेरी हळूच म्हणाला,
"बाई, तुम्ही नका सांगू. दोनदा ऐकायला येतंय."
सर हसले. मीही हसले, थोड्या वेळानं.

आता मी उंबऱ्याशी बसते, वही घेऊन,
त्यांनी त्याला घातलेली गणितं सोडवत.
बहुतेक अडतात.
परतीच्या बसमध्ये तो खिडकीतून बाहेर बघत
मला एकेक पायरी सांगतो,
आणि मी पुढची ओळखली
की काहीच बोलत नाही,
नुसती मान हलवतो, सरांसारखी.

शाळेत सगळ्या वह्यांना मी आता चार बोटं समास आखते.
तपासणीला आलेले साहेब म्हणाले,
केवढा कागद वाया जातोय.
मी हो म्हणाले,
आणि पट्टी पुढच्या पानावर ठेवली.